आकोच्या हातावरचं पीठ

गेल्या अंकात मी हिरोशी तेशिगाहारा यांच्या ‘आको’ या जपानी लघुपटाबद्दल लिहिलं होतं. १९६५ सालचा, साधारण अर्ध्या तासाचा. जपानीत त्याचं नाव ‘शिरोई आसा’, म्हणजे पांढरी सकाळ. सोळा वर्षांची आको टोकियोत पावाच्या कारखान्यात काम करते आणि सुटी मिळाली की मित्रमैत्रिणींबरोबर रात्रीची गाडीतून भटकते. गोष्ट म्हणाल तर एवढीच. पटकथा कोबो आबे यांची, संगीत तोरू ताकेमित्सू यांचं. चार देशांतल्या चार दिग्दर्शकांनी वयात येणाऱ्या मुलींवर एकेक छोटा सिनेमा करायचा, असा तो बेत होता. जपानच्या वाट्याचा हा तुकडा.

आमच्या इंदूरच्या रविवारच्या मंडळींनी तो एकत्र बसून पाहिला, बाहेरगावच्या काही वाचकांनी घरी पाहिला, आणि पत्रं आली. बरीच पत्रं रागावलेली आहेत. मला त्याचा आनंद आहे, कारण माणूस रागावतो तेव्हा त्याने नीट पाहिलेलं असतं. सगळ्यांना इथे जागा देता येणार नाही. ज्या प्रश्नांमुळे मला तो सिनेमा पुन्हा लावावा लागला, ते घेतले आहेत.

आपण याला युद्धोत्तर शहराचा सिनेमा म्हटलंत. मी दोनदा पाहिला. एकही पडकी भिंत नाही, एकही जखमी सैनिक नाही, युद्धाचा शब्दसुद्धा कोणी काढत नाही. पोरंपोरी गाडीत बसून हिंडतात, खिदळतात. युद्ध संपून तेव्हा वीस वर्षं झाली होती. मग यात युद्ध आहे कुठे? मी बांधकाम खात्यात इंजिनिअर होतो, मला दिसतं त्यावरच माझा विश्वास बसतो.
— एक निवृत्त वाचक, सुदामानगर, इंदूर

पडक्या भिंतीपासूनच सुरुवात करते, कारण तो प्रश्न तुमच्या खात्यातला आहे. ९ आणि १० मार्च १९४५ च्या मधल्या रात्री अमेरिकी विमानांनी टोकियोवर आगीचे बॉम्ब टाकले. एका रात्रीत एक लाखाच्या आसपास माणसं गेली. साधारण ४१ चौरस किलोमीटर शहर जळून गेलं आणि दहा लाख लोक उघड्यावर आले. आता तुम्हीच सांगा, एवढा राडारोडा टाकायचा कुठे? टोकियोत तेव्हा जिकडेतिकडे कालवे होते. युद्धानंतर तो ढिगारा उचलून कालव्यांत लोटला. गिन्झासारख्या उंची वस्तीतला सान्जिक्केनबोरी नावाचा कालवा असाच भरला गेला आणि वर जी जमीन तयार झाली तिच्यावर इमारती उठल्या. तुम्हाला पडद्यावर न दिसलेली भिंत त्या शहराच्या पायाखाली गेली आहे. पुढे ऑक्टोबर १९६४ मध्ये ऑलिंपिक आलं, त्याच्या घाईत उरलेल्या कालव्यांवरून आणि नद्यांवरून उन्नत रस्ते नेले. निहोनबाशी हा टोकियोचा जुना मानाचा पूल १९६३ पासून अशाच एका रस्त्याच्या सावलीत उभा आहे. ‘आको’ त्याच्या लगेच नंतरचा. शहर स्वच्छ दिसतं, कारण ते नुकतंच घासूनपुसून पाहुण्यांना दाखवलेलं होतं.

पण माझं खरं उत्तर निराळं आहे. या सिनेमात युद्ध पिठात आहे.

आकोचे हात आठवा. तिच्या कामाच्या जागेचा तो पांढरेपणा आठवा. आणि मग साधा प्रश्न विचारा: पिढ्यान्‌पिढ्या भात खाणाऱ्या देशातली मुलगी रोज सकाळी पाव का बनवते आहे? एवढा पाव खातं कोण? गहू येतो कुठून?

१९४५ चं भाताचं पीक फार वाईट आलं. त्यातच चीन, कोरिया, मांचुरिया, तैवान इथून साठ लाखांवर जपानी माणसं मायदेशी परतली. रेशनवर मिळेल तेवढ्यात जगणं शक्यच नव्हतं, म्हणून सगळं शहर काळ्या बाजारात जायचं. टोकियोच्या न्यायालयात यामागुची योशितादा नावाचे न्यायाधीश होते. काळ्या बाजारातून धान्य घेतलं म्हणून पकडलेल्या लोकांचे खटले त्यांच्यापुढे यायचे. ज्यासाठी दुसऱ्याला शिक्षा द्यायची तेच आपण घरी करायचं, हे त्यांना पटेना. ते रेशनपलीकडे काही घ्यायला तयार नव्हते, आणि त्यातलंही आधी मुलांना. ऑक्टोबर १९४७ मध्ये ते उपासमारीने गेले. वय चौतीससुद्धा नव्हतं. जपानमध्ये आजही त्यांचं नाव निघतं, आणि ते बरोबर वागले का यावर आजही वाद होतो. माझ्या मनात त्यांच्याबद्दल निव्वळ आदर आहे, पण त्यांच्या बायकोने ते दिवस कसे काढले असतील याचाही विचार येतो.

त्या भुकेच्या देशात अमेरिकी गहू आला. आधी मदत म्हणून, मग व्यवहार म्हणून. १९५४ साली दोन कायदे झाले. जपानने शाळेतल्या जेवणाचा कायदा केला, आणि अमेरिकेने आपलं जास्तीचं धान्य दुसऱ्या देशांना त्यांच्याच चलनात विकायचा कायदा केला, जो आपल्याकडे पीएल-४८० या नावाने घरोघरी माहीत होता. जपानी मुलांच्या शाळेच्या ताटात पाव आणि भुकटीचं दूध आलं. १९५६ पासून स्वयंपाकाची मांडणी केलेल्या बसगाड्या गावोगावी फिरायला लागल्या आणि बायकांना गव्हाचे पदार्थ करून दाखवायला लागल्या. त्याला पैसा अमेरिकेकडून यायचा. शाळेच्या जेवणात अधिकृतपणे भात यायला १९७६ साल उजाडलं.

आता आकोचं वय मोजा. १९६५ मध्ये सोळा, म्हणजे जन्म १९४९ च्या आसपास. त्या एका वर्षात जपानमध्ये जवळजवळ २७ लाख मुलं जन्मली. तेवढी त्या देशात पुन्हा कधीच जन्मली नाहीत. सैनिक घरी परतले, लग्नं झाली, मुलं झाली. म्हणजे तुम्हाला न दिसलेला सैनिकही या पिढीच्या जन्मातच आहे. ही मुलं परक्या फौजेच्या ताब्यातल्या देशात जन्मली, कारण तो ताबा एप्रिल १९५२ मध्ये उठला. पहिलीत गेली तर ताटात पाव. आणि पंधरा-सोळाव्या वर्षी आकोसारखी एखादी तोच पाव बनवायला उभी राहिली.

आणखी एक. १९६५ मध्ये नवव्या इयत्तेनंतर पुढच्या शाळेत जाणाऱ्या मुलांचं प्रमाण जपानमध्ये सत्तर टक्क्यांवर गेलं होतं. आको उरलेल्या तिसांतली. गाडीत खिदळणारी ती पोर तुम्हाला चैनीची वाटली असेल, तर पुढच्या वेळी हे लक्षात ठेवून पाहा.

याच सुमाराला आमच्या घरी काय शिजत होतं तेही सांगते, कारण ते यापासून लांब नाही. वडील मालवा मिल या कापड गिरणीत साचेखात्यात, म्हणजे मागांच्या खात्यात होते. १९६५ आणि ६६ ला पाऊस रुसला, आणि रेशनच्या दुकानात लाल अमेरिकन गहू मिळायला लागला. १९६६ साली देशात सुमारे एक कोटी टन धान्य बाहेरून आलं. आम्ही माळव्यातली माणसं, शरबती गव्हाच्या पोळीवर वाढलेली. आई त्या लाल गव्हाची कणीक भिजवायची, बोट दाबून बघायची, अजून थोडं कोमट पाणी घालायची, ओल्या फडक्याखाली झाकून ठेवायची, तरी पोळी तव्यावरून उतरताच ताठ व्हायची. देवासहून आत्या यायची ती पिशवीत घरचा गहू घेऊन. मग आई दोन्ही मिसळून दळून आणायची, म्हणजे महिनाभर वडिलांच्या डब्यातली पोळी दुपारपर्यंत मऊ राहायची. आपण युद्ध हरलो नव्हतो, आपल्यावर कोणाची फौज बसली नव्हती, तेव्हा बरोबरी करायची नाही. पण त्याच सुमाराला, अमेरिकेतून आलेल्या गव्हाने दोन शहरांतल्या बायकांचे हात पांढरे झाले होते, आणि मला ‘आको’ पाहताना आईचे हात दिसतात. साहेब, तुम्हाला दिसतं त्यावर विश्वास ठेवायचा असेल तर पीठ बघा. ते समोरच आहे.

ताई, मी इथे ललित कला शाखेत शिकते. ‘आको’ लॅपटॉपवर पाहिला. बोलणं एकीकडे आणि ओठ दुसरीकडे. मुली बोलताना ऐकू येतात तेव्हा पडद्यावर भलतंच काही चाललेलं असतं. माझी प्रत खराब आहे का? दुसरी कुठे मिळेल?
— दांडिया बाजार, वडोदरा

प्रत चांगली आहे, ती फेकू नकोस. ते मुद्दाम केलेलं आहे.

याची गंमत कळायला त्या वेळची यंत्रं माहीत असायला हवीत. १९६० च्या आसपास खांद्यावर घेऊन फिरता येईल असा कॅमेरा आणि त्याच्याशी जुळवून आवाज टिपणारं हलकं टेप-यंत्र दिग्दर्शकांच्या हाती आलं. मिशेल ब्रो आणि जाँ रूश हे दोघे या पद्धतीचे अग्रणी. रस्त्यावरच्या माणसाला गाठायचं, प्रश्न विचारायचा, त्याचे ओठ आणि त्याचा आवाज एकत्र पकडायचा. हे दोघेही याच चार देशांच्या बेतात होते. कॅनडाचा तुकडा ब्रो यांचा, फ्रान्सचा रूश यांचा. म्हणजे ओठ आणि आवाज जुळवण्यात जगात पुढे असलेल्या माणसांच्या शेजारी बसून तेशिगाहारांनी ते जुळवायचं नाही असं ठरवलं. यंत्र नव्हतं म्हणून नाही.

का ठरवलं, याचं माझं उत्तर असं. कारखान्यात उभं राहून आठ तास एकच काम करणारी मुलगी मनाने तिथे नसते. हात पावावर असतात आणि डोक्यात शनिवारच्या गप्पा चालू असतात: कोण काय म्हणालं, कोणाची गाडी, कोण कोणाकडे बघत होतं. ज्यांनी असं काम केलं आहे त्यांना विचार. या सिनेमात त्या गप्पा कामावर सांडतात आणि कामाचा थकवा गप्पांत झिरपतो. आवाज जुळवला असता तर आकोचे दोन वेगळे कप्पे झाले असते, एक कामाचा आणि एक मौजेचा. तिला असे कप्पे नाहीत.

ताकेमित्सूंबद्दलही थोडं वाच. हा माणूस बहुतांशी स्वतःच्या बळावर संगीत शिकला. १९६० मध्ये त्यांनी पाण्याच्या थेंबांचे आवाज टेपवर घेऊन त्यांतूनच एक रचना केली होती. त्यांच्या लेखी भांड्याचा आवाज, गाडीचा आवाज आणि वाद्याचा आवाज यांत उच्चनीच नव्हतं. एकदा डोळे मिटून नुसता ‘आको’ ऐक. मग आवाज बंद करून नुसता बघ. दोन्ही झाल्यावर पुन्हा पत्र लिही, मला तुझं ऐकायचं आहे.

ताई, माझी मुलगी एकोणीस वर्षांची आहे. पुण्याला एका कंपनीत लागली, मुलींच्या होस्टेलवर राहते. तुमचा लेख वाचून सिनेमा आम्ही दोघांनी पाहिला. त्यातलं रात्रीचं गाडीतलं हिंडणं बघून हे म्हणाले, तिला अजिबात दाखवायचा नाही, नको ते डोक्यात शिरेल. मला मात्र तो तिच्याबरोबर बसून बघावासा वाटतो. तुम्ही काय सांगाल?
— लश्कर, ग्वाल्हेर

दाखवा. दिवाळीला ती येईल तेव्हा दाखवा, आणि तुमच्या ह्यांनाही शेजारी बसवा.

त्यांची काळजी मला पटते. ती रात्र आनंदाचीही आहे आणि धोक्याचीही, आणि सोळाव्या वर्षी या दोहोंतली रेघ कुठे असते ते त्या मुलीला कळत नाही. पण तुमची मुलगी एकोणीस वर्षांची आहे, दुसऱ्या शहरात राहते, रात्रीची रिक्षा करते, खोलीतल्या मैत्रिणींशी जुळवून घेते. तिच्या डोक्यात शिरायचं ते शिरलेलंच आहे. आईवडिलांना ते माहीत आहे एवढं तिला कळलं तर तिला आधारच वाटेल.

तुमच्यासारख्या आईबापांनी जपानमध्ये फार मोठं दुःख सोसलं आहे, ते सांगते. शहरात कारखाने आणि दुकानं वाढली, हात कमी पडायला लागले, तेव्हा गावाकडच्या शाळांतून नववी झालेली मुलं गटाने भरती व्हायला लागली. त्यांच्यासाठी खास रेल्वेगाड्या सुटायच्या. एप्रिल १९५४ मध्ये उत्तरेकडच्या आओमोरीहून अशी पहिली गाडी निघाली आणि जवळजवळ एकवीस तासांनी टोकियोच्या उएनो स्टेशनवर पोचली. सहाशेच्या वर मुलंमुली होती त्यात. या गाड्या १९७५ पर्यंत चालू होत्या. पंधरा वर्षांची पोरं, अंगावर शाळेचाच गणवेश, फलाटावर रडणाऱ्या आया. मालक लोक या मुलांना सोन्याची अंडी म्हणायचे. पुष्कळांना मालकाच्याच घरात किंवा कारखान्याच्या वसतिगृहात राहावं लागायचं, महिन्यातून दोन सुट्या मिळायच्या, आणि त्या सुटीच्या दिवशी काय करायचं हेसुद्धा ठाऊक नसायचं. कामाच्या पाळ्या, वसतिगृह, पहिल्या पगाराचे पैसे आणि अचानक रिकामी मिळालेली संध्याकाळ, हे सगळं त्या मुलींनी एकटीने निभावलं. आकोच्या गाडीतल्या रात्रीकडे मी याच बाजूने बघते.

सिनेमा संपल्यावर लगेच प्रवचन देऊ नका. ‘तू अशी करत नाहीस ना?’ हा प्रश्न तर विचारूच नका. होस्टेलवर जेवायला काय असतं, पगारातून किती उरतं, शेजारच्या पलंगावरची मुलगी कुठली, हे विचारा. या सिनेमाने मला हेच शिकवलं की कामावरून सुटलेल्या मुलीला आधी कामाबद्दल विचारावं. बाकीचं ती आपणहून सांगेल, कदाचित तुम्हाला नाही, ह्यांनाच सांगेल.

दरवेळी जपान, फ्रान्स, इटली. त्या काळात आपल्या तरुण मुलांवर कोणी छोटा सिनेमा केलाच नाही का?
— स्नेहलतागंज, इंदूर

केला, आणि उत्तम केला. फिल्म्स डिव्हिजनचा ‘आय अ‍ॅम ट्वेंटी’, १९६७, दिग्दर्शक एस. एन. एस. शास्त्री. स्वातंत्र्याबरोबर जन्मलेली, म्हणजे तेव्हा विशीत आलेली मुलंमुली देशभर फिरून शोधली आणि त्यांना देशाबद्दल, स्वतःबद्दल, भविष्याबद्दल बोलतं केलं. काही फार आशेने बोलतात, काही सरळ कंटाळा आल्याचं सांगतात. सरकारी संस्थेच्या सिनेमात तो कंटाळा तसाच ठेवला, याबद्दल मला शास्त्रींचं फार कौतुक आहे. ही मुलं आकोपेक्षा दोनच वर्षांनी मोठी. एका संध्याकाळी दोन्ही लागोपाठ लावा. इथे ओठ आणि आवाज जुळलेले आहेत, मुलं थेट तुमच्याकडे बघून बोलतात, आणि तरी आकोबद्दल आपल्याला जास्त कळल्यासारखं का वाटतं, यावर मंडळात भांडायला विषय मिळेल.

काकू, मी परदेशीपुऱ्यात राहतो. आजोबा हुकुमचंद मिलमध्ये होते. मला मिल एरियावर वीस मिनिटांची फिल्म करायची आहे. मोबाइल आहे, एक चांगला माइक उसना मिळतो आहे. सुरुवात चिमणीने आणि शेवट बंद फाटकावर, असं ठरवलं होतं. ‘आको’ पाहिल्यापासून ते सगळं खोटं वाटायला लागलंय. कुठून सुरू करू?
— एक विद्यार्थी, इंदूर

तुझं पत्र मी सर्वांत जास्त वेळा वाचलं. आपण एकाच वस्तीचे, म्हणून सविस्तर लिहिते.

चिमणी खोटी नाही. पण चिमणीकडे कोण बघतं ते ठरव. हेइनोसुके गोशो यांचा १९५३ सालचा एक पूर्ण लांबीचा सिनेमा आहे, धुरांडी दिसणाऱ्या वस्तीचा. टोकियोच्या सेन्जू भागात एक वीज केंद्र होतं, त्याची चार उंच धुरांडी. ती अशी उभी होती की एका गल्लीतून चार दिसायची, दुसरीकडून तीन, कुठून दोन, आणि एका जागेवरून एकच. गोशोंच्या सिनेमात भाड्याच्या घरात दाटीवाटीने राहणारी माणसं आहेत. त्यातल्या बाईचा पहिला नवरा युद्धात हरवला, दुसरं लग्न झालं, आणि एक दिवस दारात कोणीतरी तान्हं मूल ठेवून गेलं. ही माणसं आपापल्या जागेवरून ती धुरांडी मोजत जगतात. १९६४ मध्ये ती खरी धुरांडी पाडली. पण सिनेमा टिकला, कारण तो धुरांड्यांचा नव्हताच, मोजणाऱ्यांचा होता. तुझ्या चिमणीखाली मला असा मोजणारा माणूस दिसला पाहिजे. खालून वर जाणारा भव्य शॉट आणि मागे सारंगी, हे कृपा करून नको.

बंद फाटकही मला नको वाटतं, आणि त्याचं कारण आहे. फाटक बंद झाल्यावर माणसं संपली नाहीत. हुकुमचंद मिल बंद झाल्यावर कामगारांची देणी मिळायला २०२३ चा डिसेंबर उजाडला. मधली तीस वर्षं ही माणसं काय करत होती? कोणी रिक्षा चालवली, कोणी भाजीची गाडी लावली, बायकांनी पापड लाटले, शिलाई केली. तुझी फिल्म त्या तीस वर्षांत आहे. ती डोळ्यांना फारशी दिसणार नाही, म्हणूनच ‘आको’ तुझ्या उपयोगाचा आहे: मोठी घटना दाखवायची नाही, तिच्यामुळे रोजच्या हातांत काय आलं ते दाखवायचं.

मी तुझ्या जागी असते तर झांकीपासून सुरू केलं असतं. वाचकांपैकी जे इंदूरचे नाहीत त्यांच्यासाठी सांगते: अनंत चतुर्दशीच्या रात्री आमच्या मिलांच्या झांक्या निघतात. गाड्यांवर उभे केलेले देखावे, हलणारी चित्रं, रोषणाई, पुढे आखाडे, आणि रस्त्याच्या दोन्ही बाजूंना रात्रभर उभं राहिलेलं शहर. मिला बंद पडल्या तरी जुन्या कामगारांनी वर्गणी काढून ही प्रथा चालू ठेवली. त्या रात्री कॅमेरे पुष्कळ असतात. तू आधी जा, बांबू बांधायला घेतात तेव्हा. तारा कोण ओढतो, बल्ब कोण लावतो, देखाव्यातला हात खालीवर व्हावा म्हणून जुन्या मोटरला पट्टा कोण बसवतो, ते बघ. ज्या हातांनी साचा दुरुस्त केला तेच हात आता कृष्णाचा हात हलवतात. कोणी काही बोललं नाही तरी मिल तिथे चालू आहे.

पहिले दोन-चार दिवस मोबाइल खिशातच राहू दे. मग काढ, पण लपवून नको, सगळ्यांना दिसेल असा ठेव. सुसुमु हानी यांनी १९५४ मध्ये इवानामी या संस्थेसाठी शाळेतल्या वर्गावर एक लघुपट केला. कॅमेरा वर्गातच, मुलांच्या देखत ठेवला. मुलांनी थोडा वेळ तिकडे बघितलं, मग आपापल्या खोड्यांत आणि अभ्यासात रमली. जपानी माहितीपटात तोवर मुलं अशी मोकळी दिसलीच नव्हती. आपली मिलची माणसंही अशीच मोकळी होतील, पण त्यांना वेळ दे, आणि कोणाला नको असेल तर आग्रह करू नकोस.

आता आवाज. हे मी तुला घरच्या माहितीवर सांगते. साचेखात्यात इतका गदारोळ असायचा की शेजारी उभ्या माणसाचं बोलणं ऐकू यायचं नाही. म्हणून कामगार ओठ वाचायचे आणि हातांनी बोलायचे. माझे वडील घरीसुद्धा मोठ्याने बोलायचे आणि समोरच्याच्या तोंडाकडे बघत ऐकायचे. धागा तुटला तर दोन बोटांची कात्री. धाग्याची कांडी संपली तर मूठ फिरवून उघडायची. जॉबरला, म्हणजे खात्यातल्या मुकादमाला बोलवायचं तर खांद्यावर दोनदा थाप. आम्ही भावंडं जेवताना त्या खुणांनी मीठ मागायचो. ही हातांची बोली जाणणारी माणसं आता थोडी राहिली आहेत, सगळी सत्तरी-पंचाहत्तरीच्या पुढची. तुझे आजोबा असतील तर आजच बस त्यांच्यापाशी. नसतील तर त्यांच्या खात्यातल्या दोघांना समोरासमोर बसव आणि म्हण, पाळी चालू आहे, आवाज आहे, बोला. हात टिपून घे. बोलणं नंतर वेगळं रेकॉर्ड कर, घरात, शांत जागी, पंखा बंद करून. मग हातांवर कुठलं बोलणं ठेवायचं ते सावकाश ठरव. जुळलंच पाहिजे असं नाही, हे तू ‘आको’त पाहिलंच आहेस.

वीस मिनिटांचा हट्ट सोड, बारा झाली तरी चालतील. नावं घालताना बांबू बांधणाऱ्यांचीही घाल, त्यांना विचारून. आणि संकलनाला बसण्याआधी नुसता आवाज घेऊन माझ्याकडे ये. पत्ता संपादकांकडे आहे. रविवार सोडून कोणत्याही दिवशी चारनंतर मी घरीच असते.